पांढरं रीळ

शऱ्या,

तुझ्या मीनूने फोन केला. म्हणाली, "काका, मंडळाच्या अंकात बाबांवर दोन पानं तुम्हीच लिहा. जन्म, शिक्षण, नोकरी असलं काही नको, ते बाकीचे लिहितील." मी हो म्हणालो. हो म्हणतानाच मला ठाऊक होतं की मी तुझ्याबद्दल कमी आणि माझ्याबद्दल जास्त लिहिणार आहे. तू असतास तर म्हणाला असतास, "कोंडिबाच्या हातात कर्णा दिलात ना? आता भोगा."

भोगू देत. तू जाऊन एकवीस दिवस झाले. मला एक गोष्ट कबूल करायची आहे आणि ती तुझ्या तोंडावर कबूल करायला माझ्यापाशी चार महिने होते. ते मी वाया घालवले.

तुला सगळं पाठ आहे, पण अंक वाचणाऱ्यांना नाही. म्हणून भुसावळपासून सुरुवात करतो.

भुसावळला रेल्वेची इन्स्टिट्यूट, म्हणजे साहेबी क्लब, होती. साहेब लोक निघून गेलेले, अँग्लो-इंडियन ड्रायव्हरही एकेक करून ऑस्ट्रेलियाला चाललेले. शनिवारी संध्याकाळी उरलेल्यांचा सिनेमा असायचा आणि रविवारी दुपारी आपला, क्वार्टर्समधल्या पोरांचा. नाचाची लाकडी जमीन होती, म्हणून चपला बाहेर. उन्हातून पळत आलेले आपले तळपाय त्या गार लाकडावर टेकले की अर्धं सुख तिथेच मिळायचं. तुझे अण्णा दिवसभर लोकोशेडमध्ये फिटर आणि सुट्टीच्या दिवशी इन्स्टिट्यूटचे ऑपरेटर. तिथल्या कपाटात युद्धाच्या आधीचा एक विलायती सिनेमा पडून होता. कुणीतरी परत पाठवायचा विसरलं होतं. पाठवायचा तर कुणाकडे, हेही कुणाला ठाऊक नव्हतं. नवं काही आलं नाही की अण्णा तो लावायचे. सुरुवातीचा तुकडा तुटलेला, त्यामुळे नाव नाही. इंग्रजी आपल्याला कळत नाही, म्हणून अण्णा आवाज बारीक करायचे, मशीनपाशी मदतनिसाला बसवायचे आणि गार्डाचा पत्र्याचा कर्णा घेऊन पडद्याच्या डाव्या बाजूला उभे राहायचे.

"बसा रे भो! गोंगाट करणाऱ्याला पंचनामे साहेब पकडून नेतील!"

पडद्यावर एक गोल टोपीवाला, जाड मिशांचा गुप्तहेर यायचा. अण्णांनी त्याचं नाव ठेवलं होतं पंचनामे साहेब. त्याच्यामागे एक काडीसारखा मदतनीस, तो कोंडिबा. मूळची नावं काय असतील ती असोत. एका बाईंच्या घरी मेजवानीत मोत्यांची माळ चोरीला जाते. पंचनामे साहेब चोरावर नजर ठेवायला दारापाशी कोट अडकवायचा खांब होऊन उभे राहतात. पाहुणे येतात, आपापला कोट त्यांच्यावर टाकतात. दहा कोट, वीस कोट, शेवटी साहेब दिसेनासेच होतात. कोंडिबा भिंगातून पायाचे ठसे बघायला वाकतो आणि भिंगातून आरपार गेलेल्या खिडकीतल्या उन्हाने साहेबांच्या पाटलोणीच्या मागून धूर निघतो. अण्णा कर्ण्यातून ओरडायचे, "साहेब, इंजिन तापलं! पाणी घ्या!" चोर असतो बँडवाल्यांत. माळ त्याच्या लांबलचक पितळी पिपाण्यात लपवलेली. तो फुंकतो, सूर निघत नाही, पण एक मोती टुणकन बाहेर पडतो. मग पळापळ. चोर पुढे, मोती गळताहेत, मोत्यांवरून घसरत पंचनामे साहेब मागे, त्यांच्या मागे टोपी गोळा करत कोंडिबा. रुळांवरच्या पुलावर चोर कठड्यावर पाय टाकतो. खालून धूर सोडत मालगाडी येते आहे.

आणि पडदा पांढरा.

सात रिळांचा सिनेमा, त्यातली सहाच आली होती. सातवं कुठे गेलं कुणास ठाऊक. एरवी लोकांनी आरडाओरडा केला असता. पण आपण सगळे त्या क्षणाची वाटच बघत असायचो. "अण्णा, पांढरं सांगा! पांढरं!" मग अण्णा दिवा तसाच चालू ठेवायला सांगायचे आणि त्या रिकाम्या, झगझगीत पडद्यासमोर उभे राहून शेवट सांगायचे. त्यांची सावली पडद्यावर पडायची. मालगाडीचा आवाज ते तोंडाने काढायचे. आयुष्य मालगाड्यांत गेलेला माणूस, तो आवाज काय सांगू. आपण त्याला पांढरं रीळ म्हणायचो आणि सहा खऱ्या रिळांपेक्षा तेच आपल्याला जास्त दिसायचं.

तुझं म्हणणं, पांढऱ्या रिळात पंचनामे साहेब पुलावरून उडी मारतात, मालगाडीच्या कोळशाच्या वाघिणीत पडतात, चोराची कॉलर धरतात. दोघेही कोळशासारखे काळे. पोलिसांना चोर कोण आणि साहेब कोण कळेना. साहेब म्हणतात, "ज्याच्या पाटलोणीला भोक, तो मी."

माझं म्हणणं, साहेब मोत्यांवरून घसरून बसतात ते उठतच नाहीत. चोराला पकडतो कोंडिबा. तो धावत नाही, उडी मारत नाही. शांतपणे जिना उतरून सिग्नलच्या केबिनमध्ये जातो आणि दांडा खेचतो. सिग्नलचा हात आडवा होतो, गाडी पुलाच्या अलीकडेच थांबते आणि चोर कठड्यावर एक पाय आत, एक पाय बाहेर असा अडकून बसतो. कोंडिबा वर येऊन त्याला हाताला धरून उतरवतो.

या एका गोष्टीवरून आपण जवळजवळ पन्नास वर्षं भांडलो.

आपली भेट तरी कशी झाली! मी दुबईला नवाकोरा, अब्रात, म्हणजे तिथल्या उतारूंच्या नावेत, बसून खाडी ओलांडत होतो. माझ्या पाठीमागे कुणीतरी चार-पाच जणांना हिंदीत गोष्ट सांगत होतं. "फिर पंचनामे साहब ने क्या किया, कोट का खंबा बन गया!" माझ्या हातातली पिशवी गळाली. तू शेवटापर्यंत आलास, उडी मारलीस, तेव्हा मी न वळता म्हणालो, "खोटं. शेवटी कोंडिबा पकडतो."

"कोण म्हणतो?" तू तावातावाने म्हणालास. "पंचनामे पकडतात!" आणि मग नाव हलली, तुझा हात माझ्या खांद्यावर आला. "प्रभ्या? केबिनमनचा प्रभ्या?"

वडील गेल्यावर आम्ही क्वार्टर सोडून जळगावला मामाकडे गेलो, त्यानंतर तू मला पाहिलं नव्हतंस. मी नऊ वर्षांचा होतो तेव्हा. अब्रातून उतरल्यावर तू मला सरळ अल क्वोजच्या वर्कशॉपात तुझ्या मालकाकडे नेलंस आणि म्हणालास, "स्टोअरकीपर हवा होता ना तुम्हाला? हा घ्या. गणितात माझ्यापेक्षा हुशार आहे आणि माझ्यापेक्षा गप्प." माझी तिथली चोवीस वर्षं तुझ्या त्या एका वाक्यावर उभी आहेत. याबद्दल मी तुला कधी धन्यवाद म्हणालो नाही. तू म्हणू दिलं नसतंस, हे खरं. पण मी प्रयत्नही केला नाही.

तेव्हा सुट्टी शुक्रवारची. वर्कशॉपची मागची भिंत चुन्याने पांढरी केलेली होती. तिच्यावर ट्यूबलाइटचा झोत पाडून तू सिनेमा "लावायचास". पठाण ड्रायव्हर, केरळचे वेल्डर, आपले रत्नागिरीचे दोन सुतार, सगळे खोक्यांवर बसलेले. सातही रिळं पांढरीच. आणि मला भिंतीपुढे ओढून तू सांगायचास, "ये हमारा कोंडिबा." मग साहेबांचे हालही माझ्याच वाट्याला, माझ्यावर कोट टाकायचे, माझी टोपी उडवायची, मला वाकवून माझ्या मागून धूर काढायचा. लोक हसून लोळायचे. पठाण म्हणायचा, "हबीबी, कोंडिबा को एक बार तो जीतने दो!" तू म्हणायचास, "जिंकला तर कोंडिबा कसला?"

मीही हसायचो. पहिली काही वर्षं खरंच हसायचो.

मग तो कोंडिबा माझ्या अंगाला चिकटला. मंडळाच्या गणपतीत, लग्नाच्या हॉलमध्ये, मीना बाझारच्या कापडवाल्याकडेसुद्धा. "कोंडिबाकाका, या!" माझं खरं आडनाव ठाऊक नसलेली माणसं मला या गावात भेटली आहेत. माझ्या बायकोला, सुमनला, ते आवडत नसे. "तुम्ही त्यांना एकदा सांगत का नाही?" ती विचारायची. मी म्हणायचो, "जाऊ दे, मित्र आहे." जाऊ दे म्हटलेल्या गोष्टी जात नाहीत, शऱ्या. त्या साचून राहतात.

पण तीच सुमन अल ऐनच्या हॉस्पिटलात होती, तेव्हा तू दिवसाआड बर दुबईहून यायचास. येऊन-जाऊन तीन तास. एकदा तू तिच्या खोलीतले सगळे टॉवेल, चादरी, माझा स्वेटर, नर्सचा कोट स्वतःच्या अंगावर टाकून दारापाशी खांब होऊन उभा राहिलास. मला कोंडिबा केलं नाहीस, स्वतःच उभा राहिलास. सुमन इतकी हसली की तिला ठसका लागला. तिचं ते शेवटचं मोठ्याने हसणं. ते तू दिलंस. हे मला विसरायचं नव्हतं. तरी त्या शनिवारी मी ते विसरलो.

त्या शनिवारकडे आता येतो.

नोकरी संपल्यापासून तुला एकच ध्यास होता. तो सिनेमा शोधायचा. तू म्हणायचास, "प्रभ्या, आपण दोघं गेलो की तो सिनेमा कुणी पाहिलाच नाही असं होईल. आणि अण्णांचं नाव कुठेच नाही. कुठे तरी एका ओळीत असावं." मीनूने इंटरनेटवर शोधाशोध केली. इंग्लंडमधले एक म्हातारे गृहस्थ हरवलेल्या जुन्या चित्रपटांची नोंद ठेवतात, ते सापडले. त्यांच्या यादीत एक विनोदी गुप्तहेरपट होता, मोत्यांच्या माळेचा, बँडवाल्या चोराचा. एकही प्रत कुठे शिल्लक नाही. त्यांच्याजवळ फक्त एक फोटो. त्यांनी तुझं सगळं लेखी मागवून घेतलं आणि कळवलं, गोष्ट कुठे फारशी छापलेली नाही, तेव्हा ज्याने तो पाहिला आहे अशा दुसऱ्या माणसाने स्वतंत्रपणे तेच सांगितलं तर मी नोंद करीन. दोघांचं जुळेपर्यंत फोटो दाखवणार नाही, नाहीतर आठवणी फोटोप्रमाणे वळतात.

दुसरा माणूस जगात एकच उरला होता.

त्यांच्याशी ठरलेल्या व्हिडिओ कॉलसाठी मला नातवाने, निहारने, गाडीतून तुझ्या घरी आणलं. तू टाय लावून बसला होतास, शनिवारी दुपारी, स्वतःच्या घरात.

"टाय नाही आणलास?" तू म्हणालास.

"मला काय करायचाय टाय?"

"अरे, इंग्लंड आहे समोर! मीनू, माझा तो निळा दे त्याला."

मीनू चहा टाकत होती. टेबलावर तू पाठवलेल्या मजकुराची छापील प्रत होती. मी चष्मा लावून वाचू लागलो. सहा रिळं अगदी नेमकी. मग सातवं. तिथेही तू तसंच लिहिलं होतंस, जसं काही ते पडद्यावरच होतं. पंचनामे उडी मारतात, कोळसा, कॉलर. पांढऱ्याबद्दल एक अक्षर नाही. अण्णांनी सांगितलं असंही नाही.

"हे काय?" मी हळू आवाजात म्हणालो. "सातवं रीळ नव्हतंच."

"मग? शेवट नको का सिनेमाला?"

"आणि पंचनामे कुठे पकडतात?"

"झालं सुरू. तू तुझं सांग ना. पहिली सहा जुळली की बास."

तेवढ्यात स्क्रीनवर ते गृहस्थ आले. पांढरे केस, मागे पुस्तकांची कपाटं. तू माझ्या पाठीवर थाप मारलीस आणि म्हणालास, "सर, धिस इज माय कोंडिबा. ऑल हिज लाइफ, कोंडिबा." मीनू हसली. निहार हसला. त्या गृहस्थांनाही तू पाठवलेल्या मजकुरातून कोंडिबा कोण ते ठाऊक होतं. तेही हसले.

मी एकोणऐंशी वर्षांचा होतो. माझा नातू शेजारी बसला होता.

त्यांनी मला सावकाश विचारलं, तुम्हाला काय आठवतं, फक्त तुम्ही पाहिलेलं सांगा. आणि मी सरळ त्यांच्याकडे बघून म्हणालो, "सॉरी सर. आय डोन्ट रिमेंबर एनी सच फिल्म. माय फ्रेंड टेल्स व्हेरी गुड स्टोरीज."

ते गृहस्थ सभ्य होते. म्हणाले, हरकत नाही, काही आठवलं तर कळवा. स्क्रीन बंद झाली. तू टाय सैल केलास. माझ्याकडे बघितलंस, रागाने नाही. कोपऱ्यातली एखादी वस्तू हलवली की तिथे काय होतं ते आपण आठवत बसतो, तसं. मग म्हणालास, "खलास. मीनू, चहा आण गं. कोंडि... प्रभाकरला साखर कमी."

प्रभाकर. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. मला हवं होतं ते मला मिळालं आणि त्या क्षणी ते कुणाला तरी परत देऊन टाकावंसं वाटलं.

परतीच्या वाटेवर निहारने एका सिग्नलला गाडी थांबवली. मग म्हणाला, "आजोबा, बट यू टोल्ड मी दॅट स्टोरी. द कोट्स. द सिग्नल. व्हेन आय वॉज स्मॉल."

मी म्हणालो, "गाडी चालव."

मी स्वतःची समजूत घातली. तू खोटं लिहिलं होतंस, मी खोट्याला साक्ष दिली नाही, एवढंच. हे कारण मी महिनाभर वापरलं. ते कारण नव्हतं. कारण होतं कोंडिबा. मला फक्त एकदा तुझी टोपी उडवायची होती, लोकांसमोर. ती उडवताना अण्णांचं नावही गेलं, हे माझ्या लक्षात आलं नाही असंही नाही. आलं. तरी मी तसं बोललो.

त्यानंतर आपण दोनदा भेटलो. दोन्ही वेळा मी ठरवून आलो होतो. एकदा आपण देवळाच्या जुन्या गल्लीत चहा प्यायलो. देऊळ तिथून हललंय, तरी आपण दोघं सवयीने तिथेच. तू तुझ्या पायाच्या सुजेबद्दल बोललास, मी माझ्या मोतीबिंदूबद्दल. मग तू म्हणालास, "चल, एक फेरी मारू." अब्रात बसलो. खाडीवर ऊन पडलं होतं, पाणी झगझगीत पांढरं दिसत होतं. मी तोंड उघडलं, "शऱ्या, त्या दिवशी..." तू पाण्याकडे बोट केलंस. "बघ. पांढरं लागलं."

मला वाटलं तू विषय टाळलास. आज वाटतं, तू मला जागा करून दिली होतीस. तेव्हा "अण्णा, पांढरं सांगा" एवढंच म्हणालो असतो तरी पुरलं असतं. मी म्हणालो, "ऊन फार आहे." आणि पुढच्या शनिवारी नक्की, असं मनात म्हणालो. असे बरेच शनिवार गेले. मग मीनूचा फोन आला, तू गेल्याचा.

तेरावं झाल्यावर मीनूने मला एक कागद दिला. तुझ्या अक्षरातला. म्हणाली, "काका, त्या कॉलच्या दुसऱ्या दिवशी बाबांनी हे मराठीत लिहिलं आणि मला इंग्रजी करून त्या गृहस्थांना पाठवायला सांगितलं. मी म्हटलं, प्रभाकरकाकांना विचारू का? तर म्हणाले, विचारू नकोस. आठवलं की सांगेल तो."

तू काय लिहिलं होतंस ते इथे उतरवतो. नोंद व्हायची तर नीट व्हावी.

"सर, माझ्या मित्राने काल जे सांगितलं त्याचा राग नाही. चूक माझी आहे. सातवं रीळ आमच्याकडे कधीच नव्हतं. त्या रिळाचा शेवट माझे वडील तोंडाने सांगत. मी ते लपवलं, कारण तुम्ही उरलेलंही खोटं धराल अशी भीती वाटली. दुसरी गोष्ट. वडील नेहमी पंचनामे साहेबांनाच जिंकवत. फक्त एका वर्षी, एकदाच बदललं. त्या श्रावणात माझ्या मित्राचे वडील यार्डात कामावर असताना वारले. ते सिग्नल केबिनमध्ये नोकरीला होते. दिवाळीच्या सुट्टीत सिनेमा लागला तेव्हा हा पुढे बसला होता, हसत नव्हता. वडिलांनी त्याच्याकडे बघितलं आणि त्या दिवशी कोंडिबाला केबिनमध्ये पाठवलं. मला फार राग आला. घरी येऊन मी वडिलांशी भांडलो, की माझा साहेब का पाडलात. ते म्हणाले, एक दिवस दे की रे भो त्याला. मी दिला नाही. नंतर हा गाव सोडून गेला, त्याने शेवटचं ऐकलं ते हेच, त्यामुळे त्याला वाटतं शेवट तोच होता. मी त्याला कधी सांगितलं नाही आणि जन्मभर त्याला हरवत राहिलो. कृपा करून शेवट माझ्या मित्राचा लिहावा."

मी तो कागद वाचला, घडी घातली, परत उघडला. मीनू समोर होती म्हणून बसून राहिलो.

एकदाच, शऱ्या? तो शेवट एकदाच सांगितला होता अण्णांनी? मी तुझ्याशी इतकी वर्षं ज्याच्यासाठी भांडलो, तो सिनेमाचा नव्हताच. अण्णांचा नेहमीचाही नव्हता. पांढऱ्या पडद्यासमोर उभं राहून त्या माणसाने माझ्या बाबांना केबिनमध्ये परत पाठवलं, त्यांच्या हातात दांडा दिला आणि गाडी वेळेवर थांबवली. आणि मी नऊ वर्षांचा, मला वाटलं सिनेमा आहे.

तू हे मला अब्रात का नाही सांगितलंस? तुला सांगता आलं असतं. "प्रभ्या, मूर्खा, ते तुझ्यासाठी होतं." एका वाक्यात तू भांडण जिंकला असतास. कदाचित म्हणूनच सांगितलं नाहीस. तू जिंकला असतास आणि माझा शेवट गेला असता. हा मोठेपणा होता की हट्ट, हे मला आता कोण सांगणार? तुझ्या बाबतीत या दोन गोष्टी मला कधीच वेगळ्या करता आल्या नाहीत.

परवा मी निहारला म्हटलं, "त्या इंग्लंडच्या गृहस्थांना फोन लाव. टाय कुठे मिळेल?" त्याने आपला दिला. मी दीड तास बोललो. अडलं तिथे निहारने इंग्रजी केलं. आधी सांगितलं की मी त्या दिवशी खोटं बोललो आणि का बोललो तेही. मग पहिल्या रिळापासून सुरुवात केली. कोट, भिंग, धूर, पिपाणं, टुणकन पडणारा मोती. ते लिहून घेत होते. पुलापाशी आलो. चोराने कठड्यावर पाय टाकला, खालून मालगाडी. मी थांबलो. म्हणालो, सर, इथून पुढे पडदा पांढरा.

त्यांनी विचारलं, तुमच्या मित्राने शेवट तुमचा लिहा म्हणून कळवलं आहे. तसं लिहू का?

मी म्हणालो, "दोन्ही लिहा. आधी त्याचा. नेहमीचा तोच होता. माझा खाली, एकाच दिवसाचा. आणि दोन्हींच्या वर लिहा की सातवं रीळ माझ्या मित्राच्या वडिलांचं." त्यांनी अण्णांच्या नावाचं स्पेलिंग विचारलं. निहारने एकेक अक्षर सांगितलं. मी कान देऊन ऐकलं, कुठे चुकू नये म्हणून.

मग त्यांनी फोटो दाखवला.

शऱ्या, हा फोटो तू बघायला हवा होतास. माझ्या एका वाक्यापायी तू तो बघितला नाहीस आणि याला माफी नाही, मी मागतही नाही. फक्त तुला सांगतो त्यात काय आहे. दार आहे, तेच. दारापाशी कोटांचा ढीग, माणसाच्या उंचीचा. आपल्याला आठवतो त्याहून मोठा. पंचनामे साहेब कुठेही दिसत नाहीत, मिशीचं टोकसुद्धा नाही. ढिगापुढे काडीसारखा एक माणूस उभा आहे. त्याच्या हातात साहेबांची गोल टोपी आहे, आणि तो साहेब कुठे गेले म्हणून खोलीभर बघतो आहे. सगळीकडे बघतो आहे. ढीग सोडून.

निहारने स्क्रीनवर बोट ठेवलं. "आजोबा, हू इज धिस?"

मी म्हणालो, "कोंडिबा. मी."